मूकपटातील उपहास आणि ‘ब्रह्मचारी’

प्रस्तावना : समाजातील विसंगती हसत हसत उघडी करणे हे उपहासाचे कार्य होय. चित्रपटातील उपहास दृश्यातून प्रकटावा की शब्दातून, हे दिग्दर्शकाच्या आवडीइतकेच उपहासाच्या विषयावरही अवलंबून असते. एक जर्मन मूकपट व एक मराठी बोलपट यांच्या तुलनेतून हे स्पष्ट होते.

जर्मन मूकपट : एर्न्स्ट लुबिच यांचा ‘दी ऑस्टर्नप्रिन्सेसिन’ (कालवांची राजकन्या) जून १९१९ मध्ये प्रदर्शित झाला. त्यापूर्वी नोव्हेंबर १९१८ मध्ये जर्मन राजेशाही कोसळली होती. कालवांच्या व्यापारात गबर झालेला अमेरिकन धनिक क्वेकर हट्टी मुलीसाठी राजपुत्र जावई मिळवू पाहतो. राजपुत्र नुकी मात्र कंगाल असून एका दरिद्री खोलीत राहतो. क्वेकरच्या तोंडातील सिगारही नोकर धरतो. सेवकांच्या तर रांगाच लागलेल्या असतात. संपत्तीची मिजास आणि सरदारवर्गाची दैना डोळ्यांना दिसते. त्यांचा उपहास करण्यास संवादाची आवश्यकता भासत नाही.

मराठी बोलपट : दादासाहेब फाळके यांच्या ‘राजा हरिश्चंद्र’पासून (१९१३) महाराष्ट्रातील मूकपटांवर पौराणिक कथांचा प्रभाव राहिला. बाबूराव पेंटर यांच्या ‘सावकारी पाश’ने (१९२५) सामाजिक प्रश्न हाताळला, परंतु गंभीरपणे. समाजाचा विनोदी उपहास मास्टर विनायक व आचार्य अत्रे यांच्या बोलपटांत ठळक झाला. कोल्हापूरच्या हंस पिक्चर्सचा ‘ब्रह्मचारी’ (१९३८) हे त्याचे लक्षणीय उदाहरण होय. देशभक्त जटाशंकरांचे व्याख्यान ऐकून औदुंबर ब्रह्मचर्याचा निश्चय करतो, नट्यांची छायाचित्रे टाकून देतो व आचार्य चंडीरामांच्या संस्थेत दाखल होतो. किशोरीची भेट होताच तो निश्चय डळमळतो.

येथे उपहासाचे लक्ष्य वक्तृत्वच आहे. उपदेशाचा आवेश, भारदस्त शब्दांचा सोस आणि श्रोत्यांचे भारावणे हे सारे ऐकू आल्याशिवाय हास्यास्पद ठरत नाही. मूकपटातील शीर्षकपाटीवर व्याख्यानाचा आशय मावतो. त्याचा सूर मावत नाही. गडकऱ्यांची परंपरा सांगणाऱ्या अत्र्यांच्या शब्दनिष्ठ विनोदाला ध्वनी म्हणूनच पोषक ठरला.

समारोप : तथापि औदुंबराचा निश्चय प्रतिवादाने मोडत नाही. पोहण्याच्या पोशाखातील किशोरीचे, अर्थात मीनाक्षी यांचे, तत्कालीन समाजात खळबळ माजविणारे गीतदृश्य त्या निश्चयाची कसोटी पाहते. शब्दाने उभारलेला डोलारा दृश्य खाली खेचते. बोलपटाने मूकपटाचे सामर्थ्य टाकून दिले नाही, तर त्याला शब्दाच्या समोर उभे केले, हे चित्रपटाच्या अध्यापनात ध्यानी घेण्यासारखे आहे.