दरवाजावरची माणसे

दरवर्षी १३ डिसेंबरला संसदेच्या प्रांगणात पक्षभेद क्षणभर बाजूला ठेवले जातात. २००१च्या हल्ल्यात प्राण गमावलेल्यांच्या तसबिरींना सत्ताधारी व विरोधक शेजारी उभे राहून पुष्पांजली वाहतात. सभागृहात शिरताच गदारोळ पूर्ववत सुरू होतो. या तसबिरींतील माणसे कोणाच्या सेवेत होती, हा प्रश्न मात्र त्या गदारोळात क्वचितच डोकावतो. आज तो विचारायला हवा.

त्या दिवशी शवपेटिका प्रकरणावरील गोंधळामुळे कामकाज तहकूब झाले होते, पण अनेक सदस्य इमारतीतच होते. लाल दिव्याच्या पांढऱ्या अ‍ॅम्बेसेडरची चाल संशयास्पद वाटताच जगदीश प्रसाद यादव तिच्यामागे धावले. मातबर सिंग नेगी यांनी दरवाजा बंद करून घेतला. दोघेही संसदेच्या स्वतःच्या ‘वॉच अँड वॉर्ड’ विभागातले आणि निःशस्त्र. केंद्रीय राखीव पोलीस दलाच्या कमलेश कुमारी यांच्याही हाती शस्त्र नव्हते. महिला शिपायांना ते तेव्हा दिले जात नसे. त्यांनी आरडाओरडा करून सहकाऱ्यांना सावध केले. तिघांनाही मरणोत्तर अशोकचक्र मिळाले. दिल्ली पोलिसांचे नानकचंद, रामपाल, ओमप्रकाश, बिजेंदर सिंग व घनश्याम, तसेच माळी देशराज हेही त्या दिवशी गेले. पुढे अफझल गुरूच्या फाशीस विलंब होतो म्हणून कुटुंबीयांनी २००६मध्ये शौर्यपदके परत केली. फाशी झाली ती फेब्रुवारी २०१३मध्ये.

‘वॉच अँड वॉर्ड’चा जन्मच एका तत्त्वासाठी झालेला आहे. भगतसिंग व बटुकेश्वर दत्त यांच्या बॉम्बनंतर ब्रिटिश सरकारला केंद्रीय विधिमंडळाचे दरवाजे आपल्या पोलिसांच्या ताब्यात हवे होते. अध्यक्ष विठ्ठलभाई पटेल यांनी ते मानले नाही आणि सप्टेंबर १९२९मध्ये सभागृहाच्याच आधीन असलेली व्यवस्था उभी राहिली. शेकडो खासदारांना ओळखपत्र न मागता चेहऱ्यावरून ओळखणे, ही तिची खरी विद्या.

डिसेंबर २०२३मध्ये दोन तरुणांनी प्रेक्षक कक्षातून लोकसभेत उड्या घेतल्या. प्रवेशिका खासदाराच्या शिफारशीवरच्या. निलंबित झाले ते सुरक्षा विभागाचे आठ कर्मचारी! मे २०२४मध्ये संसदेची सुरक्षा गृह मंत्रालयाच्या अखत्यारीतील केंद्रीय औद्योगिक सुरक्षा दलाकडे गेली. तीन हजारांहून अधिक जवानांचे हे दल सशस्त्र व प्रशिक्षित आहे. बाहेरच्या कड्यासाठी ते योग्यच म्हणावे लागेल. निःशस्त्र माणसांना रायफलींसमोर पुन्हा उभे करा, असे कोणी म्हणणार नाही. परंतु सभागृहाच्या उंबऱ्याशी उभा असलेला माणूस अध्यक्षांचा की मंत्रालयाचा, हा निव्वळ बंदोबस्ताचा प्रश्न नव्हे. ऑगस्ट २०२५मध्ये या दलाचे जवान राज्यसभेच्या हौद्यात आल्याची लेखी तक्रार मल्लिकार्जुन खरगे यांनी केली. ते मार्शलच होते, असा सरकारचा खुलासा.