दुसऱ्या राज्यातली गाडी महाराष्ट्रात आणताय? आधी हे वाचा

नोकरी बदलली, बेंगळुरूहून पुण्याला बिऱ्हाड हलवलं, सोबत 'केए' नंबरची गाडीही आली. मग नंबर लगेच बदलावा लागतो का? तर नाही. मोटार वाहन कायदा, 1988 च्या कलम 47 नुसार गाडी दुसऱ्या राज्यात 12 महिन्यांपेक्षा जास्त काळ ठेवली, तर तिथला नवा नंबर घ्यावा लागतो.

त्यासाठी आधी जुन्या आरटीओकडून 'ना हरकत प्रमाणपत्र' मिळवायचं. त्याचा अर्ज म्हणजे फॉर्म 28. थकलेली चलनं आधी भरून टाका. गाडीवर कर्ज असेल, तर बँकेची संमती लागते. मग नव्या आरटीओत फॉर्म 27, आरसी, विमा, पीयूसी आणि पत्त्याचा पुरावा द्यायचा.

नोंदणीची फी काहीशे रुपयेच असते. खिशाला खरी चाट बसते ती रोड टॅक्सने. महाराष्ट्रात वैयक्तिक मालकीच्या नव्या पेट्रोल गाडीवर 10 लाखांपर्यंतच्या किमतीला 11 टक्के कर आहे, म्हणजे 8 लाखांच्या गाडीवर 88 हजार रुपये. जुन्या गाडीला वयानुसार तो कमी होतो.

पण हा कर तर पहिल्या राज्यात 15 वर्षांसाठी आधीच भरलेला असतो! उरलेल्या वर्षांचा परतावा तिथूनच मागावा लागतो. तो आपोआप खात्यात येत नाही, अर्ज करावा लागतो. म्हणून कर भरल्याची जुनी पावती जपून ठेवा.