ढवळलं तर पातळ, दाबलं तर दगड!

उन्हाळ्यात गडचिरोली जिल्ह्यातल्या सिरोंच्याला प्राणहिता नदीच्या पात्रात उतरा आणि पाण्यालगतच्या ओल्या वाळूवर पाय टेका. पाय पडताक्षणी त्याच्याभोवती कोरडं, फिकट वलय उमटतं. वजन पडल्यावर पाणी वर यायला हवं, इथं ते आत जातं! दाटीनं बसलेले वाळूचे कण दाबामुळे एकमेकांवरून सरकतात. सरकताना त्यांना जास्त जागा लागते, फटी रुंदावतात आणि वरचं पाणी आत ओढलं जातं. शास्त्रज्ञ ऑस्बोर्न रेनॉल्ड्स यांनी हे कोडं १८८५ मध्ये उलगडलं. असल्याच लहरी वागण्याचे नमुने आपल्या शेतात, चुलीजवळ आणि थेट आपल्या अंगातही आहेत.

आधी न्यूटनचा नियम
पाणी हळू ढवळा नाहीतर जोरात, त्याचा दाटपणा तोच राहतो. द्रवाचे थर जितक्या वेगानं एकमेकांवरून सरकतील, तितक्याच प्रमाणात विरोध वाढेल, असं न्यूटननं १६८७ च्या ‘प्रिन्सिपिया’त मांडलं. पाणी, रॉकेल, गोडेतेल हे नियम पाळणारे. जोर लावताच ज्यांचा दाटपणा बदलतो, ते नॉन-न्यूटोनियन.

बांधीतला चिखल
गडचिरोलीतली धानाची बांधी चिखलणीच्या वेळी पाहा. चिकणमातीचे कण अतिशय बारीक, चपटे. ते एकमेकांना टेकून पत्त्यांच्या बंगल्यासारखी रचना करतात. नांगर फिरला की बंगला मोडतो आणि चिखल लोण्यासारखा मऊ होतो. मग त्याला निवांत बसू दिलं की रचना हळूहळू पुन्हा उभी राहते. म्हणूनच रोवणीचं रोप बोटानं सहज आत जातं आणि नंतर तिथंच घट्ट उभं राहतं.

डोशाचं पीठ
मराठीच्या जोडीला तेलुगू बोलणाऱ्या सिरोंचा तालुक्यात डोसा घरचाच. आंबवलेलं पीठ भांड्यात जाडसर दिसतं. पण डावाचा तळ तव्यावर गोल फिरला की ते पसरतं. हात थांबला की तेही थांबतं, तव्यावरून ओघळत नाही. उडदातल्या चिकट पदार्थांचं हे काम आहे. आंबताना तयार झालेले वायूचे बुडबुडे तेच धरून ठेवतात.

बुक्की मारा, बोट बुडवा
दोन वाट्या कॉर्नफ्लोरमध्ये साधारण एक वाटी पाणी मिसळा. बोट हळूच सोडलं तर बुडतं, बुक्की मारली तर दगडावर आपटल्यासारखी लागते. अचानक दाबानं स्टार्चचे कण एकमेकांवर घासून अडकतात. दाब सुटला की मोकळे होतात. मुलांना हा खेळ जरूर दाखवा, पण उरलेलं मिश्रण मोरीत ओतू नका, पाइप तुंबेल.

चढणारं अंडं, ताणणारी भेंडी
पाणी ढवळलं की मधे खळगा पडतो. अंड्याचा पांढरा भाग फेटताना मात्र तो काठीवर चढतो! त्यातले लांब रेणू ताणल्या रबरासारखे आत आवळतात. शास्त्रज्ञ कार्ल वायसेनबर्ग यांच्या नावानं हा परिणाम ओळखला जातो. भेंडीची तार सुटते तीही अशाच लांब रेणूंमुळे.

मध मात्र आज्ञाधारक
इतका दाट मध लहरी असेल असं वाटतं ना? साधारणपणे मध न्यूटनचा नियम पाळतो. स्कॉटलंडमधल्या हेदर फुलांचा मध हा नामांकित अपवाद: पोळ्यात तो जेलीसारखा घट्ट असतो, ढवळला की वाहू लागतो.

रक्तही त्यातलंच
रक्त संथ वाहताना दाट असतं, वेगात पातळ होतं. निरोगी तांबड्या पेशी स्वतःपेक्षा अरुंद केशवाहिनीतूनही वाकून पुढे सरकतात. सिकलसेल या आजारात याच पेशी ताठ, कोयत्यासारख्या होतात आणि वाट अडवतात. चंद्रपूर-गडचिरोलीत हा आजार आढळतो, म्हणून आपल्यासाठी हे फक्त नवल नाही. रक्ताची तपासणी करून घ्या. आणि सिकलसेलच्या रुग्णाला भरपूर पाणी प्यायला सांगतात, ते विसरू नका.

एक मराठी नाव
गोव्यातल्या माशेलमध्ये १९४३ साली जन्मलेले डॉ. रघुनाथ माशेलकर पुण्याच्या राष्ट्रीय रासायनिक प्रयोगशाळेचे संचालक आणि पुढे वैज्ञानिक आणि औद्योगिक संशोधन परिषदेचे (सीएसआयआर) महासंचालक झाले. त्यांच्या संशोधनाचा एक मोठा विषय हाच: पॉलिमर आणि नॉन-न्यूटोनियन द्रवांचा प्रवाह.

पाय रुतला तर?
२००५ मध्ये ‘नेचर’ या नियतकालिकात ॲमस्टरडॅमच्या संशोधकांनी अशाच लहरी, रुतवणाऱ्या वाळूचा हिशेब मांडला. या वाळूची घनता माणसाच्या शरीराच्या सुमारे दुप्पट असते, त्यामुळे माणूस कमरेच्या आसपास तरंगून राहतो, पुरता गडप होत नाही. खरा धोका अडकून पडल्यावर चढणाऱ्या पाण्याचा. पाय सेकंदाला एक सेंटिमीटर वेगानं ओढायचा तरी एखादी मोटार उचलण्याइतका जोर लागतो! म्हणून हिसका नको. पाय जागच्या जागी हलवत राहा. कडेनं पाणी आत शिरतं आणि पकड सैल होते. बांधीत रोवणी करणाऱ्या बायका मागे सरकताना पाय सरळ उपसत नाहीत, आधी टाच हलवून घेतात. त्यांच्याकडून शिकून घ्या.