धुणेवालीची लेक पडद्यावर

आज आम्ही तुम्हाला ब्राझीलच्या एका नटीची ओळख करून देणार आहोत. तिचं नाव रूथ दि सोझा. आडनाव ऐकून गोव्यातले डिसोझा आठवले ना? बरोबर आहे. गोव्यात आणि ब्राझीलमध्ये पोर्तुगिजांचं राज्य होतं, त्यांच्याबरोबर हे आडनाव दोन्हीकडे पोचलं.

रूथचा जन्म १९२१ सालचा, रिओ दि जानेरो शहरातला. वडील शेती करायचे, ते लवकर वारले. मग आईने रिओच्या कोपाकबाना भागात लोकांचे कपडे धुऊन घर चालवलं. ब्राझीलमध्ये गुलामी कायद्याने बंद झाली १८८८ साली, म्हणजे रूथच्या जन्माच्या फक्त ३३ वर्षं आधी. कायदा आला, पण काळ्या बाईची जागा दुसऱ्याच्या मोरीत आणि चुलीपाशी, ही समजूत कुठे गेली नव्हती. त्यात या पोरीला सिनेमाचं वेड! नटी होणार म्हणाली की लोक हसायचे.

१९४४ साली अब्दियास दो नासिमेन्तो यांनी रिओत काळ्या कलावंतांची नाटक मंडळी काढली. त्या मंडळीत कामगार होते, घरकाम करणाऱ्या बाया होत्या, आणि तिथे लिहा-वाचायलाही शिकवत. आम्हाला हे फार आवडलं. रूथ तिथे गेली. १९४५ च्या मे महिन्यात या मंडळीचं नाटक रिओच्या मोठ्या म्युनिसिपल थिएटरात झालं. त्या रंगमंचावर काळ्या माणसांची मंडळी याआधी उभी राहिली नव्हती. पुढे शिष्यवृत्ती मिळवून रूथ अमेरिकेत अभिनय शिकून आली.

सिनेमात ती १९४८ साली आली. तेव्हा ब्राझीलमध्ये गाण्या-विनोदाचे चित्रपट जोरात चालत. लोक आपल्या तमाशापटांसारखी गर्दी करत. नायिका मात्र गोऱ्या. काळी बाई पडद्यावर यायची ती मोलकरीण म्हणून, नाहीतर गुलाम म्हणून. रूथलाही तेच मिळालं, एकदा नाही, वर्षानुवर्षं.

इथे आमच्या गटात वाद झाला. काही जणी म्हणाल्या, अशी कामं तिने नाकारायला हवी होती. दुसऱ्या म्हणाल्या, नाकारली असती तर पडद्यावर दिसली तरी असती का? आम्हाला दुसरं पटतं, पण एक अट घालून. काम छोटं असलं तरी माणूस छोटा दाखवायचा नाही. रूथने तेच केलं. १९५३ सालच्या ‘सिन्या मोसा’ या चित्रपटात गुलामी संपण्याच्या आधीचा काळ आहे. त्यातली साबिना ही गुलाम बाई रूथने केली. नायिका दुसरीच होती, पण इटलीतल्या व्हेनिसच्या महोत्सवात सर्वोत्तम अभिनेत्रीसाठी नाव घेतलं गेलं ते रूथचं. बक्षीस लिली पामर या नटीला गेलं.

एवढं झाल्यावर मोठ्या भूमिका चालून यायला हव्या होत्या. सिनेमात तसं काही झालं नाही. नाटकात मात्र १९६१ साली तिला कारोलिना मारिया दि जेझुस साकारायला मिळाली. ही कारोलिना खरी बाई. साओ पावलोच्या झोपडपट्टीत कागद वेचायची आणि वेचलेल्या वह्यांत रोजनिशी लिहायची. तिचं पुस्तक देशभर गाजलं होतं. धुणेवालीच्या लेकीने कागद वेचणारीची भूमिका केली, आणि तीही नाटकाची मुख्य बाई म्हणून!

१९६९ साली टीव्हीवर ‘अंकल टॉम्स केबिन’ या कादंबरीवरची मालिका आली. टॉमच्या बायकोचं काम रूथकडे होतं. टॉम कोण? तोंडाला काळा रंग फासलेला गोरा नट. रूथ खरीखुरी काळी, आणि शेजारी तो रंगवलेला! त्या वेळीही लोकांनी यावर टीका केली होती.

तरी तिने काम सोडलं नाही. २००४ साली ‘फिल्यास दो व्हेन्तो’ नावाचा चित्रपट आला. त्यात जवळजवळ सगळे मुख्य कलावंत काळे होते. त्यासाठी ग्रामादो महोत्सवात रूथ आणि लेआ गार्सिया या दोघींना मिळून सर्वोत्तम अभिनेत्रीचं बक्षीस मिळालं. रूथ तेव्हा ८३ वर्षांची होती. २०१९ साली रिओच्या कार्निव्हलमध्ये एका सांबा मंडळाने आपली सगळी मिरवणूक तिच्या आयुष्यावर काढली. त्याच वर्षी जुलैत, ९८ व्या वर्षी, ती गेली.