पाचू, बारेकेत आणि आमची चूक



गेल्या पेसाहच्या साफसफाईत आमच्या हातून एक चूक घडली. आईने मुंबईहून आणलेली पाचूची अंगठी आम्ही उकळत्या साबणाच्या पाण्यात टाकली. बाहेर काढली तर हिरव्या खड्यात पांढुरक्या रेघाच रेघा! आईला कुणी खोटा खडा दिला की काय, या विचाराने रात्रभर झोप आली नाही. सकाळी जवाहिऱ्याने भिंगातून पाहिले व म्हटले, "खडा अस्सल आहे, फक्त त्यातले तेल गेले."

तेल कसले, ते सांगतो. पाचू म्हणजे बेरिल नावाचे खनिज. शुद्ध बेरिलला रंग नसतो. क्रोमियम किंवा व्हॅनेडियमचा अंश मिसळला की ते हिरवे होते. पाचू कोलंबियाचा असो वा झांबियाचा, त्यात जन्मतःच बारीक भेगा असतात. त्या दिसू नयेत म्हणून सीडरचे तेल मुरवण्याची रीत फार जुनी आहे. उष्णतेने ते निघून जाते आणि भेगा उघड्या पडतात. तेव्हा भेगा असणे हे खोटेपणाचे लक्षण नव्हे. उलट मोठा, निर्मळ पाचू कुणी स्वस्तात देऊ लागला, तर संशय घ्यावा.

आपल्याला हा खडा परका नाही. तेत्सावे पाराशात कोहेन गादोलच्या होशेनवर बारा रत्ने सांगितली आहेत. त्यांतले तिसरे बारेकेत. आजच्या हिब्रूत बारेकेत म्हणजे पाचूच. जुन्या भाषांतरांत मात्र एकमत नाही. ग्रीक भाषांतरात तिसरे रत्न पाचू आहे, तर ओंकेलोसच्या अरामी तर्गुमात चौथे, म्हणजे नोफेख. आपण शाळेत शिकलेला संस्कृत 'मरकत' हा शब्दही 'बारेकेत'च्याच कुळातला, असे भाषापंडित मानतात.

आता काळजीचे. पाचू कोमट पाण्यात, सौम्य साबणाने, मऊ ब्रशने हलकेच धुवावा. वाफ, उकळते पाणी व दागिने धुण्याचे कंपनाचे यंत्र टाळावे. भांडी घासताना अंगठी काढून ठेवावी.

आमच्या अंगठीत जवाहिऱ्याने पुन्हा तेल भरून दिले. रेघा बऱ्याच लपल्या, सगळ्या नाहीत. आपल्याही डब्यात आईची किंवा आजीची अशी अंगठी असेल, तर रेघा पाहून ती खोटी म्हणून विकून टाकू नका. आधी जाणकाराला दाखवा, आणि ती कुणाची, कुठून आली, हे नातवंडांना सांगून ठेवा.