मुक्तिबोधांचे कागद आणि मणी कौल यांचा कॅमेरा

गजानन माधव मुक्तिबोध यांच्या घरची भाषा मराठी, लेखनाची भाषा हिंदी. धाकटे बंधू शरच्चंद्र मराठीत कवी व समीक्षक म्हणून मान्यता पावले. थोरले मात्र मराठी घरांत काहीसे परकेच राहिले. १९६२ साली त्यांच्या 'भारत : इतिहास और संस्कृति' या पाठ्यपुस्तकावर मध्य प्रदेश शासनाने बंदी घातली. तो घाव त्यांच्या जिव्हारी लागला. १९६४ मध्ये पक्षाघात झाल्यावर त्यांना भोपाळच्या हमीदिया रुग्णालयात आणले गेले आणि तेथून दिल्लीस हलविण्यात आले. ११ सप्टेंबर रोजी ते निवर्तले. पहिला कवितासंग्रह छापून आलेला पाहणे त्यांच्या नशिबी नव्हते. मागे उरले ते कागद : कविता, कथा, डायरी, टिपणे.

अशा कागदांचा चित्रपट कसा करावा? एखाद्या नटाला कवीचा वेष द्यावा, दोन-चार करुण प्रसंग रचावेत, हा रूढ मार्ग. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये ऋत्विक घटक यांच्या हाताखाली शिकलेले मणी कौल (१९४४–२०११) त्या मार्गाने गेले नाहीत. त्यांच्या 'सतह से उठता आदमी' (१९८०) या चित्रपटात रमेश, केशव व माधव ही तीन पात्रे मुक्तिबोधांच्याच लेखनातील वाक्ये बोलतात. भरत गोपी, एम. के. रैना व विभूती झा यांनी त्या भूमिका केल्या. शब्द एकीकडे चालतो, दृश्य दुसरीकडे. कॅमेरा वाक्याचे भाषांतर करीत बसत नाही. हा चित्रपट सोपा आहे असे सांगणे म्हणजे श्रोत्यांची फसवणूक ठरेल. तथापि कान देऊन पाहिल्यास छापील ओळीत दबलेला आवाज त्यात मोकळा होतो.

या रीतीचे मूळ ध्रुपदात आहे. चित्रपटाचे संगीत झिया फरीदुद्दीन डागर यांचे. थोरले डागर, रुद्रवीणावादक झिया मोहिउद्दीन, यांच्यापाशी कौल स्वतः शिकले होते. आलापात अर्थवाही शब्द नसतात. गायक एका स्वरापासून दुसऱ्यापर्यंत सावकाश सरकतो, आणि मधली वाटच ऐकण्याजोगी असते. कौल यांचे दीर्घ दृश्यखंडही तसेच : कोठे पोहोचायचे याची त्यांना घाई नाही. १९८१ मध्ये भोपाळला ध्रुपद केंद्र सुरू झाले व फरीदुद्दीन तेथे अनेक वर्षे शिष्य घडवीत राहिले. पुढच्याच वर्षी कौल यांचा 'ध्रुपद' आला. त्यात हे दोन्ही बंधू आहेत.

जुन्या ध्वनिचित्रणाचा त्यांनी केलेला सर्वांत धीट उपयोग 'सिद्धेश्वरी' (१९८९) मध्ये आढळतो. बनारसच्या ठुमरी-गायिका सिद्धेश्वरी देवी यांची भूमिका मीता वसिष्ठ यांनी केली आहे. शेवटी मात्र पडद्यावर खऱ्या सिद्धेश्वरी देवींचे जुने चित्रण येते. त्या गात असतात आणि इतका वेळ त्यांची भूमिका करणारी अभिनेत्री समोर बसून ते ऐकत असते.