इयन होम : दुय्यम भूमिकांतले अव्वल कर्तृत्व

चरित्र अभिनेता म्हणजे नायकाभोवतीच्या व्यक्तिरेखांना वय, व्यवसाय, स्वभाव आणि भूतकाळ देऊन कथेतील जग खरे करणारा नट. ब्रिटनमधील अशा नटांत सर इयन होम (१९३१–२०२०) यांची कारकीर्द विशेष अभ्यासण्याजोगी आहे, कारण चित्रपटांनी त्यांचा जो संयम नावाजला तो रंगभूमीवर घडला होता आणि त्याच रंगभूमीच्या धास्तीने त्यांना कॅमेऱ्याकडे वळवले.

'राडा' या लंडनच्या नाट्यशिक्षणसंस्थेतून बाहेर पडल्यावर १९५४ मध्ये ते स्ट्रॅटफर्डला किरकोळ कामे करू लागले आणि रॉयल शेक्सपिअर कंपनीत, जिथे एकच नटसंच आलटूनपालटून अनेक नाटके सादर करी, तिसऱ्या रिचर्डपर्यंत पोहोचले. हॅरॉल्ड पिंटर यांच्या 'द होमकमिंग'मधील (१९६५) लेनीची दहशत संवादांपेक्षा विरामांत असते. ती आवाज न चढवता पोहोचवल्याबद्दल त्यांना १९६७ चा टोनी पुरस्कार लाभला. १९७६ मध्ये मात्र 'द आइसमन कमेथ'च्या वेळी रंगमंचभयाने, म्हणजे प्रेक्षकांसमोर नटाची वाचा गोठवणाऱ्या भीतीने, त्यांना असे ग्रासले की पुढे अनेक वर्षे ते नाटकापासून जवळजवळ दूरच राहिले.

'एलियन'मधील (१९७९) ॲश हा यंत्रमानव असल्याचे उशिरा उघड होते, आणि तोवर होम त्याला केवळ थोडा अलिप्त, नको इतका नीटनेटका ठेवतात. 'चॅरियट्स ऑफ फायर'मधील (१९८१) सॅम मुसाबिनी हे त्याहून अवघड काम म्हणावे लागेल. हौशी खेळाडूंच्या त्या काळात पैसे घेणाऱ्या प्रशिक्षकाला मान नव्हता, त्यामुळे १९२४ च्या पॅरिस ऑलिम्पिकमध्ये शिष्य धावत असताना मुसाबिनी हॉटेलच्या खोलीत थांबतो, खिडकीतून ब्रिटनचा ध्वज चढताना पाहतो आणि भरून येऊन आपल्या गवती टोपीतून मूठ आरपार घालतो. आयुष्यभराचा अपमान आणि आनंद एकाच हालचालीत सामावणारा हा क्षण थोर अभिनयाचा आहे, यात शंका नाही. ऑस्करचे नामांकनही याच भूमिकेने मिळवून दिले.

पुढे जगभरच्या तरुण प्रेक्षकांनी त्यांना 'लॉर्ड ऑफ द रिंग्ज'मधील बिल्बो म्हणून ओळखले. परंतु त्याआधीच, १९९३ मध्ये पिंटर यांच्याच 'मूनलाइट'मधून रंगमंचावर परतलेल्या होम यांनी १९९७ मध्ये नॅशनल थिएटरच्या छोट्या कॉटस्लो नाट्यगृहात, प्रेक्षकांच्या अगदी जवळ, किंग लिअर उभा केला आणि वादळाच्या प्रवेशात अंगावरचे सारे वस्त्र उतरवले.